दगडाआधीचं हसू : ‘फँड्री’च्या शेवटाचा प्रकरण अभ्यास

‘फँड्री’ या चित्रपटावरच्या कुठल्याही चर्चेला बसा, पहिल्या दहा मिनिटांत कुणीतरी म्हणतंच, “तो शेवटचा दगड आपल्यालाच लागतो हो.” चित्रपटाच्या शेवटी जब्या हा शाळकरी पोरगा थेट कॅमेऱ्याकडे दगड भिरकावतो, तो हा दगड. सगळे माना डोलावतात. दुसरं कुणी भर घालतं, “समाजाच्या तोंडावर मारलेला दगड आहे तो.” पुन्हा माना डोलावतात, आणि चर्चा अजय-अतुलच्या गाण्याकडे किंवा ‘सैराट’कडे वळते.

या वाक्यात चूक काही नाही. फक्त ते फार लवकर येतं, आणि एकदा आलं की पुढे बोलायचं काही उरत नाही. चित्रपट समीक्षा नेमकं काय करते, तिचं काम काय आणि ती कुठे आळसावते हे बघायला मराठीत याहून चांगलं प्रकरण मला सापडलेलं नाही. म्हणून हा एकच चित्रपट, आणि त्यातही मुख्यतः त्याचा शेवट.

आधी परिस्थिती

नागराज मंजुळे यांचा हा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट. 2013 च्या मुंबई चित्रपट महोत्सवात तो दाखवला गेला, तिथे ज्युरींचा मोठा पुरस्कार मिळाला. पुढे राष्ट्रीय पुरस्कारांत दिग्दर्शकाच्या पदार्पणाच्या चित्रपटासाठीचा इंदिरा गांधी पुरस्कार आणि सोमनाथ अवघडेला बालकलाकाराचा पुरस्कार. चित्रपटगृहांत तो आला 14 फेब्रुवारी 2014 ला.

तारीख मुद्दाम लिहिली. व्हॅलेंटाइन डे. पोस्टरवर कोवळी जोडी, आणि जाहिरातीत अजय-अतुलचं ते विंचवाचं गाणं, जे तेव्हा रिक्षापासून वरातीपर्यंत सगळीकडे वाजत होतं. हे गाणं अख्ख्या चित्रपटात नाही. ते केवळ प्रसिद्धीसाठी केलेलं होतं. म्हणजे तिकीट काढून आत गेलेल्या बऱ्याच लोकांना शाळकरी प्रेमाची गोष्ट बघायची होती, आणि चित्रपटही पहिला बराच वेळ त्यांना तीच दाखवतो. जब्या, म्हणजे जांबुवंत कचरू माने, कैकाडी कुटुंबातला पोरगा. ‘फँड्री’ म्हणजे त्यांच्या बोलीत डुक्कर. वर्गातली शालू त्याला आवडते. काळी चिमणी मारून, जाळून तिची राख शालूवर टाकली की ती वश होईल असं गावातल्या सायकल दुकानवाल्या चंक्याने सांगितलंय, म्हणून जब्या आणि त्याचा मित्र पिऱ्या गलोल घेऊन रानोमाळ हिंडतात. त्याला जीन्सची पँट हवी असते. बाप कचरू (किशोर कदम) गावाची पडेल ती कामं करतो आणि गावासमोर सतत वाकलेला असतो.

हे सगळं गोड आहे. प्रेक्षक जब्याच्या बाजूने होतो, त्याची चोरटी नजर ओळखीची वाटते, आपली शाळा आठवते. मधेमधे एखादा काटा लागतो, पण गोष्ट पुढे सरकते. जत्रेत जब्या नवे कपडे घालून नाचायला जातो आणि शेवटी त्याच्याच डोक्यावर गॅसबत्ती येते. तिथे पहिल्यांदा घसा आवळतो. जत्रेत डुक्कर घुसून गोंधळ होतो, आणि गावातली डुकरं पकडायचं काम कचरूच्या गळ्यात पडतं. दुसऱ्या दिवशी सगळं घर त्या कामाला लागतं. जागा नेमकी शाळेजवळची.

पाठलाग

शेवटचा हा भाग लांब आहे, आणि त्याची लांबी हाच त्याचा पहिला मुद्दा आहे. डुक्कर निसटतं, घरातली माणसं धावतात, कोंडी करतात, ते पुन्हा निसटतं. गावातली टवाळ पोरं कडेला जमतात, बसून बघतात, शेरे मारतात, हसतात. शाळेतली पोरं बघतात. शालूही बघते, त्यांच्याबरोबर हसते. जब्या लपायला जागा शोधतो, कारण वर्गासमोर डुकरामागे धावताना दिसणं त्याला मरणाहून वाईट वाटतंय. बाप त्याला हुडकून काढतो आणि बडवतो.

आता हे दृश्य कसं घेतलंय ते बघा. कॅमेरा कधी कुटुंबाबरोबर धावतो, तर कधी लांब उभा राहतो. लांबून बघितलं की पळणारं जनावर आणि त्यामागे धडपडणारी माणसं हे जुन्या मूकपटांपासून चालत आलेलं विनोदाचं साहित्य आहे. पडद्यावरची पोरं हसतात तेव्हा चित्रपटगृहातही हशा पिकतो. हसणारा प्रेक्षक दुष्ट असतो असं नाही. दृश्याची मांडणीच हसू यावं अशी आहे. पण अंतर कमी होतं, कचरूचा धापा टाकणारा चेहरा जवळून दिसतो, जब्याच्या गालावर बापाचा हात बसतो, आणि हसू अर्ध्यात अडकतं. पुन्हा कॅमेरा लांब जातो, पुन्हा हसू फुटतं. हे एकदा होत नाही, होत राहतं. प्रेक्षकाला हसवायचं, थांबवायचं, परत हसवायचं.

इथे समीक्षेला काम आहे. दगडाचा अर्थ लावायच्या आधी, दगड यायच्या वेळी प्रेक्षकाला कुठे नेऊन बसवलंय हे सांगायचं. तो त्या टवाळ पोरांच्या शेजारी बसलेला असतो. चित्रपटाने त्याला हळूहळू, त्याच्याच हसण्याच्या मदतीने, तिथे आणलेलं असतं. शेवटी ती पोरं जब्याच्या कुटुंबाच्या मागे लागतात, जब्याचा बांध फुटतो, तो दगड उचलतो. शेवटचा दगड थेट कॅमेऱ्याकडे येतो आणि पडदा काळा होतो. दगड ज्याला मारलाय त्या टवाळाच्या जागी तेव्हा कॅमेरा आहे. म्हणजे “समाजाला” वगैरे मोघम काही नाही. एका विशिष्ट हसणाऱ्या माणसाला तो मारलाय, आणि त्या माणसाच्या डोळ्यांतून आपण बघतोय.

“दगड समाजावर आहे” या वाक्यात “समाज” म्हणजे दुसरे लोक. “दगड आपल्याला लागतो” हे त्याहून बरं, पण त्यातही एक सोय आहे. दगड लागल्याचं कबूल केलं की आपण संवेदनशील ठरतो, आणि वीस मिनिटांपूर्वी कशाला हसलो होतो हे कुणी विचारत नाही. प्रशस्तिपत्र मिळालं, विषय संपला. या चित्रपटावर कौतुकाचं इतकं लिहून आलं, त्यातलं बरंच या प्रशस्तिपत्रापाशी थांबलं असं माझं मत आहे.

चिमणी, राख आणि प्रतीकांची शिकार

आपल्याकडे चित्रपटाचा अर्थ लावणं म्हणजे प्रतीकं ओळखणं अशी एक समजूत आहे. शाळेतल्या रसग्रहणाच्या प्रश्नातून ती आली असावी. काळी चिमणी कशाचं प्रतीक? डुक्कर कशाचं? राख? उत्तरं लिहून काढायची, जोड्या लावा तसं. काळी चिमणी म्हणजे हाताला न लागणारी शालू, किंवा स्वातंत्र्य, किंवा वरच्या जातीत जाण्याचं स्वप्न. तिन्ही उत्तरं बसतात. तिन्ही बसतात म्हणूनच त्यातल्या एकानेही फारसं काही कळत नाही.

त्यापेक्षा सरळ प्रश्न विचारावा: चिमणीमागे धावताना जब्या कसा दिसतो, आणि डुकरामागे धावताना कसा? पहिल्यात तो शिकारी आहे, मित्राबरोबर आहे, कुणी बघत नाही, धावण्यात मजा आहे. दुसऱ्यात धावणं तेच, रानही जवळपास तेच, पण बघणारे आले. माणूस धावतोय यात काहीच लाजिरवाणं नाही. कोण बघतंय आणि काय समजून बघतंय, त्यावर सगळं फिरतं. हे दिसायला चिमणीचा अर्थ माहीत असावा लागत नाही. दोन दृश्यं शेजारी ठेवावी लागतात.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये प्राध्यापक सतीश बहादूर सत्यजित राय यांचा ‘पथेर पांचाली’ चौकट चौकट उलगडून शिकवत. अर्थ सांगायच्या आधी काय दिसतंय ते नीट सांगा, अशी ती शिस्त. पुण्यातल्या रसास्वाद अभ्यासक्रमांतून ती कितीतरी मराठी माणसांपर्यंत पोचली. वर्तमानपत्रातल्या शुक्रवारच्या परीक्षणात तिला जागा नसते हे मान्य. तिथे चारशे शब्दांत गोष्ट, अभिनय, संगीत आणि तारे उरकायचे असतात. तिकिटाचे पैसे घालवावेत का, हे वाचकाला सांगणं हे कामही हलकं नाही. पण ‘फँड्री’सारख्या चित्रपटाच्या बाबतीत त्या परीक्षणाची पंचाईत होते. सगळी ताकद शेवटात, आणि शेवट तर सांगायचा नाही. मग उरतं “अंतर्मुख करणारा अनुभव”. हा शब्दप्रयोग आता इतका झिजलाय की तो वाचला की मी पान उलटतो.

राष्ट्रगीत

पाठलागातल्या एका क्षणावर थोडं थांबतो. डुक्कर हाताशी आलेलं असतं, आणि शाळेत राष्ट्रगीत सुरू होतं. जब्या ताठ उभा राहतो. बाप उभा राहतो. धावणारी सगळी माणसं जागच्या जागी थिजतात. डुक्कर काही उभं राहत नाही. ते निघून जातं.

याचं ढोबळ वाचन सोपं आहे: ज्या देशाने यांना माणसात धरलं नाही, त्याचा मान ही माणसं स्वतःचं नुकसान करून राखतात. बरोबर आहे. परदेशी महोत्सवातला समीक्षकही एवढं लिहू शकेल. पण महाराष्ट्रातल्या प्रेक्षकासाठी या क्षणात आणखी एक गोष्ट घडते, आणि ती पडद्यावर नाही, सभागृहात घडते.

महाराष्ट्रात 2003 च्या सुमारास चित्रपटगृहांत खेळाआधी राष्ट्रगीत वाजवण्याची पद्धत सुरू झाली. देशभरात ते सक्तीचं करणारा सर्वोच्च न्यायालयाचा आदेश 2016 मध्ये आला आणि 2018 मध्ये ती सक्ती निघाली, पण आपल्याकडे 2014 पर्यंत ही सवय अंगवळणी पडलेली होती. म्हणजे ‘फँड्री’ बघणारा माणूस दीड तासापूर्वी पॉपकॉर्न खुर्चीवर ठेवून उभा राहिलेला आहे. आता तेच सूर पुन्हा कानावर येतात. उठायचं का? केंद्र सरकारच्या सूचनांप्रमाणे बातमीपटात किंवा माहितीपटात राष्ट्रगीत आलं तर प्रेक्षकांनी उभं राहणं अपेक्षित नसतं, आणि कथेचा भाग म्हणून आलं तरी तेच लागू आहे हे न्यायालयाने 2017 मध्ये स्पष्ट केलं. पण त्या क्षणी अंधारात सूचना कुणाला आठवतात? पायात एक हालचाल होते, शेजारच्याकडे नजर जाते. उभं राहावं तर आपण जब्याच्या बापाशेजारी उभे. बसून राहावं तर कडेला बसलेल्यांत.

हे मला वाचनात फारसं कुठे आढळलेलं नाही, आणि मराठी समीक्षेने करायचं काम हेच आहे असं वाटतं. चित्रपट कुठल्या सभागृहात, कुठल्या सवयींच्या माणसांपुढे चालतोय हे आपल्याला माहीत आहे. बाहेरच्याला ते माहीत असायचं कारण नाही.

भिंत

त्याच भागातलं दुसरं दृश्य सगळ्यांना पाठ आहे. पाय बांधलेलं डुक्कर काठीला लटकवून खांद्यावरून नेलं जातंय, आणि मागे शाळेच्या भिंतीवर महापुरुषांची चित्रं. महात्मा फुले, सावित्रीबाई, शाहू महाराज, बाबासाहेब, गाडगे महाराज.

या दृश्याचा उल्लेख नसलेलं ‘फँड्री’वरचं लिखाण शोधून सापडायचं नाही. पण उल्लेखाच्या पुढे कोण जातं? मराठी प्रेक्षक ते चेहरे पापणी लवायच्या आत ओळखतो, आणि ओळखलं की अर्थ लागला असं त्याला वाटतं. महापुरुषांचे विचार भिंतीवर राहिले, वास्तव खालून चाललं, झालं. इथे मात्र परक्या प्रेक्षकाला एक फायदा आहे. त्याला ही माणसं कोण ते कळत नाही, म्हणून तो भिंत बघतो: उन्हात उभी असलेली, सरकारी रंगकामाची भिंत, अशी कुठल्याही जिल्हा परिषदेच्या शाळेला असते. कुणी तिच्यावर थुंकलेलं नाही, कुणी ती पाडलेली नाही. गाव या महापुरुषांच्या विरोधात नाही. गावाने आदराने त्यांची चित्रं काढून घेतलीत. वर्गात मास्तर चोखामेळ्याचा “ऊस डोंगा परी रस नव्हे डोंगा” शिकवतात तेही असंच. अभंग अभ्यासक्रमात आहे, परीक्षेला येऊ शकतो. मला या दोन्ही ठिकाणी दंभाहूनही सवय जास्त दिसते, आणि ती जास्त भयंकर वाटते. दंभी माणसाला निदान आपलं पितळ उघडं पडायची भीती असते.

आक्षेप

शेवटावर एक आक्षेप घेतला जातो: बाबासाहेबांनी शिका म्हणून सांगितलं आणि हा पोरगा दगड उचलतो; हा काय मार्ग झाला? हे आक्षेप घेणारे सगळेच काही कडेला बसून हसणारे नसतात. त्यांना टोलवून लावू नये. पण चित्रपट मार्ग दाखवतोय हे गृहीत धरलं तरच हा आक्षेप उभा राहतो. जब्याने काय करावं हे चित्रपट सांगत नाही. त्याच्याकडून काय झालं ते दाखवतो, आणि लगेच पडदा काळा करतो.

माझा प्रश्न त्या काळ्या पडद्याबद्दल आहे. दगड मारल्यानंतर संध्याकाळी माने कुटुंबाचं काय झालं? गाव गप्प बसलं असेल? कचरूला कुणी बोलावून घेतलं असेल? आयुष्यभर वाकून राहिलेल्या बापाला पोराच्या दगडाची किंमत कुठे आणि कशी मोजावी लागली? चित्रपट नेमका तिथे थांबतो, आणि थांबल्यामुळे प्रेक्षकाला दगडाचा आवेश मिळतो, परिणाम मिळत नाही. कलाकृती म्हणून तो थांबा जबरदस्त आहे. पण त्याने आपली एक सुटकाही केली आहे, हे कौतुकाच्या भरात सांगायचं राहून गेलं. पुढे ‘सैराट’मध्ये मंजुळेंनी उलट केलं. प्रेक्षकाला खुर्च्यांमधून उठून नाचू दिलं, आणि शेवटी परिणाम समोर ठेवला, आवाज पूर्ण काढून घेऊन. मला ते ‘फँड्री’च्या काळ्या पडद्याला त्यांनी स्वतःच दिलेलं उत्तर वाटतं. त्यांच्या मनात तसं असेल किंवा नसेल. दोन चित्रपट शेजारी ठेवल्यावर तसं दिसतं, एवढं मला पुरेसं आहे.

आणि बहीण

दगडाच्या सगळ्या वाचनांत एक माणूस गायब आहे. जब्याचा बांध फुटतो कधी? त्याला ‘फँड्री’ म्हणून चिडवतात तेव्हा तो ऐकून घेतो. बाप मारतो तेव्हा रडतो. शालू हसते तेव्हा आतून मरतो. पोरं त्याच्या बहिणीची छेड काढतात, आणि मग तो दगड उचलतो. म्हणजे त्या दिवशी तिथे एका तरुण मुलीवर, जातीच्या जोरावर, उघड्यावर हल्ला चाललेला होता. ती सकाळपासून सगळ्यांबरोबर धावत होती, बघ्यांच्या नजरा तिच्यावरही होत्या. आपण मात्र लिहितो: जब्याचं बंड, जब्याचा उद्रेक, जब्याचा दगड.

यात समीक्षा चित्रपटाच्या मागोमाग गेली असं म्हणता येईल, कारण चित्रपट जब्याच्याच डोळ्यांनी चालतो. पण मागोमाग जाणं हे प्रेक्षकाचं काम. समीक्षकाने मधेच मान वळवून बघायला हवं. बहिणीच्या बाजूने हाच पाठलाग वाचला तर जात आणि बाई या दोन्ही गोष्टी एकदम दिसतात, आणि “लाजणारा पोरगा” हे कथेचं केंद्र थोडं हलतं. जब्याला लाज वाटू शकते, तो लपू शकतो. तिला लपायची सोय कुणी दिली होती?

शालूचाही हिशेब असाच अपुरा आहे. ती कडेला उभी राहून हसली, म्हणून काही लोक तिला त्या पोरांत ढकलून मोकळे होतात, तर काही म्हणतात, पोर आहे, तिला काय कळतंय. ती जब्याशी धड बोलतही नाही. त्याच्या मनात काय आहे हे तिला माहीत असल्याची खूण मला कुठे दिसली नाही. तिच्या घरात, तिच्या मनात चित्रपट एकदाही नीट शिरत नाही. जब्याच्या नजरेची मर्यादा म्हणून हे समर्थनीय आहे, असं अनेक जण म्हणतील, आणि त्यांच्याशी वाद घालायला मला आवडेल. माझं मत विचाराल तर ही चित्रपटाची कमकुवत बाजू आहे: हसणाऱ्या सगळ्यांमध्ये फक्त तिच्या हसण्यामागे काय आहे हे बघायची उत्सुकता मला होती, आणि तिथेच कॅमेरा लांब राहिला.